फिरतं चक्र आणि ‘स्पीड’चं खूळ

आपल्या छत्रपती संभाजीनगरातल्या पुंडलिकनगर, गारखेडा, जयभवानीनगर या पट्ट्यात कुणाच्याही घरी टीव्हीवरचा सिनेमा मध्येच थांबला आणि पडद्यावर ते चक्र गरगरायला लागलं, की पहिलं वाक्य ठरलेलं असतं: ‘स्पीड कमी पडतोय.’ दुसरं वाक्य शेजारचे काका बोलतात, ‘पन्नासमध्ये काय होतंय, शंभरचा घ्या!’ तिसरं नेटवाला बोलतो. तो तर त्यासाठीच टपलेला असतो. महिनाभरात कनेक्शन शंभर एमबीपीएसचं होतं, बिल वाढतं आणि चक्र पूर्वीइतकंच गरगरत राहतं. मग निष्कर्ष काय निघतो? ‘दोनशेचाच घ्यायला हवा होता.’

हे ऐकून ऐकून कान किटले आहेत, म्हणून आधी आकडे सांगतो. नेटफ्लिक्सच्या स्वतःच्या मदत-पानावर लिहिलंय की साध्या एचडीला ३ एमबीपीएस, फुल एचडीला ५ आणि फोर-केला १५ एमबीपीएस लागतात. यूट्यूब फोर-केसाठी २० सांगतं. म्हणजे पन्नासच्या प्लॅनवर घरात एकाच वेळी तीन टीव्हींवर नेटफ्लिक्सचे फोर-के सिनेमे चालू शकतात. आपल्याकडे चालू असतो एक टीव्ही, एका हातातला मोबाइल आणि आतल्या खोलीत मुलाचा क्लास. पन्नास पुरून उरतात. व्हिडिओ अडकला की स्पीडवर संशय सगळ्यात शेवटी घ्यायचा असतो आणि आपण सुरुवातच तिथून करतो.

मग तो अडकतो कशानं? संभाजीनगरकरांना हे समजावणं सोपं आहे. जलकुंभातच पाणी नसेल, तर घरात दोन इंची पाइप टाकून उपयोग काय? प्लॅनचा स्पीड म्हणजे तुमच्या दारातला पाइप. त्याच्या पुढे नेटवाल्याची लाइन, त्याचं मोठं कनेक्शन, व्हिडिओ कंपनीचे सर्व्हर, आणि अलीकडच्या बाजूला तुमचा राऊटर, वाय-फाय, टीव्ही, ॲप. यातला कुठलाही एक टप्पा तुंबला तरी पडद्यावर दिसणारं चक्र एकच.

बिघाड जलकुंभाच्याच बाजूला असतो, त्याचं उदाहरण घ्या. १४ डिसेंबर २०२०, सोमवारची संध्याकाळ. आपल्याकडे सव्वापाच वाजून गेले होते. यूट्यूब, जीमेल, सगळं जगभर एकदम बंद पडलं आणि साधारण पाऊण तास बंद राहिलं. गुगलनं नंतर जो अहवाल दिला त्यानुसार, वापरकर्त्याची ओळख पटवणाऱ्या त्यांच्या मध्यवर्ती यंत्रणेची क्षमता एका स्वयंचलित व्यवस्थेनं चुकून घटवली होती. व्हिडिओ जागच्या जागी होते, ते पाठवणारे सर्व्हर ठणठणीत होते. ‘तुम्ही कोण’ याचं उत्तर तेवढं मिळत नव्हतं. म्हणूनच ज्यांनी लॉगिन न करता, ब्राउझरच्या इन्कॉग्निटो खिडकीत यूट्यूब उघडलं, त्यांना ते व्यवस्थित दिसत होतं! त्या पाऊण तासात कुणी हजार एमबीपीएस घेतले असते तरी काय फरक पडला असता? पण लॉगिन टाळून पाहण्याची युक्ती कुणी शेजाऱ्याला सांगितली असती, तर त्याचा सिनेमा सुरू झाला असता.

दुसरं उदाहरण २० नोव्हेंबर २०२२ चं. कतारमधल्या फुटबॉल विश्वचषकाचा पहिला सामना जिओसिनेमावर फुकट होता आणि तो देशभर अडखळला. कंपनीनं स्वतःच समाजमाध्यमांवर ‘ॲप अपडेट करा’ असं सांगितलं. याउलट वर्षभरानं, १९ नोव्हेंबर २०२३ ला, भारत-ऑस्ट्रेलिया क्रिकेट विश्वचषकाचा अंतिम सामना हॉटस्टारवर एका क्षणी ५.९ कोटी लोक पाहत होते आणि तो चालला. या दोन तारखांच्या मधे आपण सगळ्यांनी प्लॅन वाढवले होते असं कुणाला वाटत असेल तर वाटू दे.

‘पण स्पीड टेस्टमध्ये पूर्ण शंभर दाखवतंय की!’ दाखवणारच. बहुतेक स्पीड टेस्ट तुमच्या जवळात जवळच्या सर्व्हरशी बोलतात आणि तो अनेकदा नेटवाल्याच्याच जाळ्यात बसलेला असतो. गल्लीच्या तोंडापर्यंत रस्ता मोकळा आहे, एवढंच त्यातून कळतं. नेटफ्लिक्सनं २०१६ मध्ये फास्ट डॉट कॉम ही साइट काढली, ती त्यांच्या स्वतःच्या सर्व्हरकडून येणारा वेग मोजते. नेहमीच्या टेस्टमध्ये शंभर आणि तिथे सात आला, तर नेटवाल्याला हाच फरक दाखवा. ‘नेट चालत नाही’ या तक्रारीला तो ‘राऊटर बंद-चालू करा’ म्हणतो. या दोन आकड्यांना त्याच्याकडे पाठ केलेलं उत्तर नसतं.

दोष कुठे आहे हे शोधायला दोन मिनिटं लागतात, त्यासाठी कुणाला बोलवावं लागत नाही. अडकलेलंच ॲप मोबाइलवर उघडा, पण वाय-फाय बंद करून, मोबाइल डेटावर. तिथेही चालत नसेल तर गडबड बहुधा त्या कंपनीची. हात जोडून बसा, घरातलं काहीही छेडू नका. मोबाइल डेटावर चाललं तर पुन्हा वाय-फायवर या आणि दुसरं ॲप लावून बघा. वाय-फायवर सगळीच ॲप मेली असतील तर दोष लाइनचा किंवा राऊटरचा. मोबाइलवर सगळं चालतंय आणि टीव्हीवरच नाही, तर टीव्हीकडे वळा. टीव्ही रिमोटनं नव्हे, भिंतीवरच्या बटणानं मिनिटभर बंद करा. आणि टीव्हीची तारीख-वेळ तपासा. वीज जाऊन-येऊन काही टीव्ही भलत्याच सालात जाऊन बसतात. मग सर्व्हरचं सुरक्षा-प्रमाणपत्र त्यांना खोटं वाटतं आणि ॲप उघडतच नाही.

लाइनचा दोष ओळखायला फायबरच्या डब्यावरचे दिवे बघा. ‘एलओएस’ लिहिलेला लाल दिवा लागला किंवा लुकलुकत असेल, तर प्रकाशच तुमच्यापर्यंत पोचत नाहीये. वायर कुठेतरी तुटली, वाकली किंवा निघाली. आपल्या शहरात नव्या पाणीयोजनेच्या जलवाहिन्यांसाठी रस्ते किती खोदले गेले ते वेगळं सांगायला नको. खोदकामात देशभरात वर्षाला सुमारे १० लाख वेळा ऑप्टिकल फायबर तुटते, असं केंद्र सरकारनंच मार्च २०२३ मध्ये सांगितलं होतं. खोदण्याआधी केबलवाल्या कंपन्यांना कळवता यावं म्हणून त्याच महिन्यात ‘कॉल बिफोर यू डिग’ नावाचं ॲपही निघालं. जेसीबीवाल्यापर्यंत ते अजून पोचायचंय बहुधा.

आता राऊटर. बंद-चालू करणं हा उपाय खरंच लागू पडतो, त्याची टिंगल करू नका. पण बंद-चालू करणं वेगळं आणि ‘रिसेट’ वेगळं! मागच्या बारीक छिद्रात टाचणी घालून दहा सेकंद दाबणारे महाभाग प्रत्येक गल्लीत आहेत. त्यानं राऊटरमधली नेटवाल्याची युजर आयडी, पासवर्ड, सगळी मांडणी पुसली जाते. अडखळणारं नेट मग पूर्णच बंद होतं आणि माणूस येईपर्यंत रविवार वाया जातो. छिद्राला हात लावू नका. बटण बंद, अर्धा मिनिट थांबा, बटण चालू. संपलं.

आणि वाय-फाय म्हणजे नेट नव्हे, हे एकदा ध्यानात घ्याच. आपल्याकडे घराला घर चिकटलेलं, मधे विटांची भिंत, वर स्लॅब. वायर पुढच्या खोलीत येते म्हणून राऊटर तिथेच टीव्हीच्या मागे किंवा लोखंडी कपाटावर कोंबलेला, आणि सिनेमा बघायचा आतल्या बेडरूममध्ये. २.४ गिगाहर्ट्झवर एकमेकांत न मिसळणारे चॅनल तीनच असतात: १, ६ आणि ११. त्या तिघांवर अख्खी गल्ली बसलेली असते. ५ गिगाहर्ट्झवर गर्दी कमी, पण भिंत आली की ते दमतं. राऊटर मोकळ्यावर, उंचावर, घराच्या मध्याकडे आणा; जमत असेल तर टीव्हीला सरळ लॅन केबल जोडा. त्यातली गंमत अशी की बऱ्याच स्मार्ट टीव्हींचा लॅन पोर्टच १०० एमबीपीएसच्या वर जात नाही. दोनशेचा प्लॅन घेणाऱ्या काकांना हे कुणीतरी हळूच सांगा.

यापेक्षा गंभीर गैरसमज म्हणजे ‘गुगलवर कस्टमर केअरचा नंबर मिळतो.’ मिळतो, पण कुणाचा? सर्चमध्ये वर येणारे असे नंबर अनेकदा भामट्यांनीच पेरलेले असतात. समोरचा गोड बोलतो, ‘पाच रुपये भरून व्हेरिफाय करा’ म्हणतो, स्क्रीन दाखवणारं ॲप टाकायला सांगतो आणि खातं साफ करतो. सिनेमा बंद पडलेला माणूस चिडलेला, घाईत असतो. भामट्याला हेच सावज हवं असतं. नंबर हवाच असेल तर त्या ॲपच्या आतल्या ‘मदत’ विभागातून घ्या. ओटीपी, पिन, स्क्रीन शेअर मागितला की फोन ठेवा. पैसे गेलेच तर तडक १९३० वर फोन करा. पैसा पुढच्या खात्यांत सरकण्याआधी अडवायचा असतो, त्यामुळे उशीर महाग पडतो. त्यानंतर सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इन या पोर्टलवर किंवा आपल्या पुंडलिकनगर पोलीस ठाण्यात तक्रार द्या.

काही साइट बिघडलेल्या नसतात, अडवलेल्या असतात. फुकट सिनेमे दाखवणाऱ्या चोरट्या साइट कोर्टाच्या आदेशानं बंद होतात. १० एप्रिल २०१९ च्या दिल्ली उच्च न्यायालयाच्या निकालानंतर तर नाव बदलून उगवणाऱ्या त्यांच्या नकलाही नव्या खटल्याशिवाय अडवता येतात. तिथे येणारी ‘ही साइट पाहणं हा गुन्हा आहे, तीन वर्षं कैद’ छापाची सूचना वाचून घाबरलेले बरेच भेटतात. २०१६ मध्ये ‘डिशूम’ चित्रपटाच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाचे न्या. गौतम पटेल यांनीच स्पष्ट केलं होतं, की नुसतं पाहणं हा कॉपीराइट कायद्याखाली गुन्हा ठरत नाही. परवानगीशिवाय वाटणं, जाहीर प्रदर्शन करणं, विकणं किंवा भाड्यानं देणं हा गुन्हा आहे. याचा अर्थ जा आणि बघा असा काढू नका. त्या साइटवर ‘प्लेअर अपडेट करा’ म्हणून जी एपीके फाइल गळ्यात मारतात, तिला कायद्याची कलमं ठाऊक नसतात.

कधी अख्खं नेटच सरकारी आदेशानं थांबतं. २६ फेब्रुवारी २०२४ ला मराठा आरक्षण आंदोलनाच्या वेळी जालना, बीड आणि आपल्या जिल्ह्यात इंटरनेट काही तास बंद होतं. तेव्हा राऊटर बदलून काही होत नाही. असे आदेश जाहीर करणं सरकारवर बंधनकारक आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं १० जानेवारी २०२० ला अनुराधा भसीन खटल्यात सांगितलंय. त्यामुळे आधी बातम्या बघा.

उरलेले गैरसमज झटपट.

‘व्हीपीएन टाकला की सगळं चालतं’: व्हीपीएन वाट लांबवतो, वेग बहुधा घटतो आणि बऱ्याच व्हिडिओ कंपन्या तो ओळखून अडवतात.

‘ॲप काढून पुन्हा टाका’: टाका, पण सर्व्हर बंद असताना नको, लॉगिन होणार नाही आणि डाउनलोड करून ठेवलेले सिनेमेही जातील.

‘पैसे भरले तरी टीव्हीवर येत नाही’: नेटफ्लिक्सचा १४९ रुपयांचा मोबाइल प्लॅन टीव्हीसाठी नाहीच, आधी प्लॅन वाचा.

‘टीव्ही चांगला आहे, ॲपच बिघडलं’: टीव्ही जुना झाला की कंपन्या ॲपचा पाठिंबा काढतात, डिसेंबर २०१९ मध्ये काही जुन्या सॅमसंग टीव्हींवर नेटफ्लिक्स असंच थांबलं. स्ट्रीमिंगचं काडीसारखं उपकरण एचडीएमआयला लावा, अख्खा टीव्ही बदलायची गरज नाही.

‘५० चा प्लॅन, डाउनलोड ६ नंच, फसवलं!’: प्लॅन मेगाबिटमध्ये, डाउनलोड मेगाबाइटमध्ये. आठनं भागा, सव्वासहा येतात.

‘समोरच्या गल्लीत विकेटचा आरडाओरडा आधी, आमच्याकडे नंतर, आमचं नेट मंद’: त्यांच्याकडे डिश असणार. नेटवरचं थेट प्रक्षेपण तुकड्या-तुकड्यांनी येतं, म्हणून काही सेकंद ते अर्धा मिनिट मागे असतंच. विराटचा षटकार आधी कळू नये असं वाटत असेल, तर खिडकी लावून घ्या.