हैद्राबादची फिर्याद

देवगाव फाट्याचा हा मुलूख १९४८ पर्यंत निजामाच्या हैद्राबाद संस्थानांत होता. त्या वर्षीं २१ ऑगस्ट रोजीं निजाम सरकारानें हिंदुस्थानाविरुद्ध संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा समितीकडे फिर्याद नेली. संस्थानास राष्ट्र म्हणावें काय, येथेंच वाद अडला. कारण ती वाट सनदेनें राष्ट्रांसच मोकळी ठेविली आहे. १६ सप्टेंबरला पॅरिसांत चर्चा निघाली, दुसऱ्या दिवशीं निजाम शरण आला, २२ रोजीं त्यानें फिर्याद मागें घेतली. रझाकारांचा जाच सोसणाऱ्या रयतेस मात्र त्या सभागृहांत जागाच नव्हती. आमच्या मतें खरी उणीव ती. पुढें कत्तलींत सांपडलेल्या मुसलमान रयतेचीही गत तीच: सुंदरलाल समितीचा २७ ते ४० हजार बळींचा अंदाज कित्येक दशकें दप्तरांतच राहिला. सर्व प्रौढांस मत मिळालें तें १९५१-५२ च्या निवडणुकींत.