ट्राम गेली, टीटी राहिलं

परभणीकडच्या आमच्या चुडावा स्टेशनात टीटी म्हणजे तिकीट बघणारा काळा कोट. दादर पूर्वेला मात्र टीटी हा चौक आहे. पाटीवर खोदादाद सर्कल लिहिलेलं, पण टॅक्सीवाला विचारणार, "टीटीला जायचंय ना?" टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस. 31 मार्च 1964 च्या रात्री मुंबईची शेवटची ट्राम बोरीबंदरहून निघून दादरला आली आणि तिथंच ट्रामचा जमाना संपला. ज्यांनी ट्राम कधी पाहिलीच नाही, तेही आज रोज तिचं नाव घेतात! मला याचं नवल अजून सरत नाही.

या चौकामागे एक साथ आहे. 1896 साली मुंबईत प्लेग शिरला. दाटीच्या चाळींमध्ये माणसं भराभर दगावली. मग 1898 मध्ये सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि शहराच्या उत्तरेला, दादर-माटुंग्याच्या मोकळ्या जमिनीवर, उजेड-वारा खेळेल अशी उपनगरं आखली गेली. रुंद रस्ते, झाडं, बागा. पारशी कॉलनी, हिंदू कॉलनी त्यातूनच उभ्या राहिल्या. तेव्हा दादर म्हणजे शहराची वेस. आज ते पार शहराच्या पोटात आहे.

आता चौकातल्या त्या गोलाकडे बघा. साध्या चार रस्त्यांच्या चौकात प्रत्येक रस्त्यावर दोन्ही दिशांनी गाड्या धावत असतील, तर त्यांच्या वाटा 32 ठिकाणी एकमेकींशी गाठ घेतात. त्यातल्या 16 ठिकाणी एक वाट दुसरीला सरळ छेदते, आणि जिवावरचे अपघात होतात ते बहुधा तिथंच. मधोमध एक गोल बेट ठेवा, सगळ्यांना एकाच दिशेनं फिरवा. 32 चे 8 होतात आणि छेदणारी जागा एकही उरत नाही! कुणी आत शिरतो, कुणी बाहेर पडतो, बस्स. एवढ्याशा वर्तुळात केवढी अक्कल साठवलेली आहे! टीटीवरची गर्दी आता एकट्या गोलाला आवरत नाही, म्हणून सिग्नल आले, डोक्यावरून उड्डाणपूल गेला. तरी सर्कल हे नाव काही हललं नाही.

इथून जाणाऱ्या मोठ्या रस्त्याला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव आहे, आणि पुस्तकांसाठी त्यांनी बांधलेलं राजगृह हे घर इथून चालत जाण्याइतकं जवळ, हिंदू कॉलनीत. 6 डिसेंबरला, बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणदिनी, परभणी-नांदेडकडची माणसं रात्रभर गाडीत उभी राहून दादरला उतरतात. चैत्यभूमीवर रांगेत उभी राहतात. मग पाठीला पिशवी, कडेवर लेकरू घेऊन टिळक पूल ओलांडून पूर्वेला येतात आणि कुणालातरी विचारतात, "दादा, राजगृह कुठं हाय?"

"सरळ टीटीला जा, मावशी. तिथून जवळच."