शाहीर गेला, चित्रीकरण चालू राहिलं

सुरतच्या पांडेसऱ्यात मिलची पाळी संपवून आलेल्या खानदेशी मित्रांनी नुकताच ‘जय भीम कॉम्रेड’ पाहिला. तीन तासांचा माहितीपट, पण मध्येच कुणी उठलं नाही.

या माहितीपटाची गोष्ट सुरू होते ११ जुलै १९९७ला. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात ते गायले होते.

पटवर्धन मग ‘जय भीम कॉम्रेड’साठी १४ वर्षं चित्रीकरण करत राहिले.

कंबोडियाचे दिग्दर्शक रिथी पान्ह यांच्याकडे ख्मेर रूज राजवटीच्या अत्याचारांची दृश्यं नव्हती. म्हणून त्यांनी २०१३मध्ये आपल्या माहितीपटात मातीच्या बाहुल्या मांडल्या. पटवर्धनांकडे मात्र वस्तीतली गाणी होती. त्यांचा माहितीपट त्या गाण्यांवरच उभा आहे.