मारले नाही, मग जाच कसला?

मराठी शिकविण्याचा धंदा असल्यामुळे शब्दांचा हिशेब ठेवण्याची मला खोड आहे. घरातल्या बाईला होणाऱ्या त्रासासाठी आपल्या भाषेत किती शब्द आहेत पाहा: जाच, छळ, सासुरवास, पाणउतारा, टोमणे, घालूनपाडून बोलणे, टाकून देणे. ज्या समाजाने या दुःखाच्या इतक्या तऱ्हा ओळखल्या, त्याला ते ठाऊक नव्हते असे कोण म्हणेल? ठाऊक होते, त्याला अपराध म्हणावयाची तयारी तेवढी नव्हती.

म्हणून बाई ते माणसांजवळ न बोलता जात्याजवळ बोलली. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांतून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. सासरचा जाच त्यांत जागोजाग आढळतो. सासुरवास गाण्याचा विषय होता, तक्रारीचा नव्हता.

कायद्याला हे दुःख उशिरा ऐकू आले. १९८३ साली दंडसंहितेत ४९८-अ हे कलम आले आणि नवऱ्याची व सासरच्यांची क्रूरता शिक्षेस पात्र ठरली. पुढे २००५ साली कौटुंबिक हिंसाचाराचा स्वतंत्र कायदा झाला. २६ ऑक्टोबर २००६ पासून तो अमलात आहे. त्याने हिंसेचे चार प्रकार सांगितले. मारहाण हा पहिला. शरीराची विटंबना हा दुसरा. ती नवऱ्याने केली म्हणून विटंबना असायची राहत नाही. तिसरा जिभेचा आणि मनाचा: मूल नाही, मुलगा नाही म्हणून हिणविणे याचा तर कायद्यात स्पष्ट उल्लेख आहे. चौथा पैशाचा: स्त्रीधन काढून घेणे, खर्चाला पैसे न देणे.

या चौथ्या प्रकाराला आपण हिंसा म्हणतच नाही. आमच्या धाराशिव जिल्ह्यातून ऊसतोडीला जोडपी जातात. नवराबायको मिळून एक 'कोयता' धरतात आणि उचल बहुधा नवऱ्याच्या हाती पडते. मोळ्या तिनेही बांधल्या, डोक्यावरून तिनेही वाहिल्या. पण तिने हिशेब विचारायचा नाही आणि तेलमिठालाही हात पसरायचा, अशी गत झाली की तोही जाचच. अंगावर वळ नसला तरी!

हा कायदा केवळ सुनेसाठी नाही. आई, बहीण, विधवा भावजय यांनाही तो आधार देतो. जाच करणारी बाई असली तरी तिच्याविरुद्ध दाद मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली स्पष्ट केले. घर सासऱ्याच्या नावावर असले तरी तिथे नांदलेल्या सुनेला त्या घरात राहण्याचा हक्क मागता येतो, हे २०२० साली. अर्ज दंडाधिकाऱ्यांकडे करावयाचा. मदतीला संरक्षण अधिकारी असतात.

फौजदाराला सारे सांगावयाचा बाईला संकोच वाटतो. यावर टाटा समाजविज्ञान संस्थेने १९८४ साली मुंबईच्या पोलीस आयुक्तालयातच समाजकार्यकर्ते बसविले आणि महिला व बालकांसाठी विशेष कक्ष काढला. असे कक्ष पुढे राज्यभर निघाले. याच संस्थेचे ग्रामीण केंद्र १९८६ पासून आमच्या तुळजापुरात आहे. आज १८१ या क्रमांकावरही मदत मागता येते.

तरी मागते कोण? २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातील ज्या स्त्रियांनी हिंसा सोसल्याचे सांगितले, त्यांपैकी शंभरात अवघ्या चौदा जणींनी कोणाकडे मदत मागितली होती. बाकीच्या का गप्प राहिल्या, हे आपण माहेरच्यांनी स्वतःला विचारावे. 'सगळ्यांच्याच घरी असते, थोडे सोसावे' असे सांगून तिला परत पोचविणारे आपणच असतो.

येत्या भाऊबिजेला बहीण ओवाळावयास येईल. चारचौघांत 'बरी आहेस ना?' म्हटले तर 'बरी आहे' हेच उत्तर मिळणार. तेव्हा तिला जरा बाजूला घेऊन विचारावे: तुझ्या कष्टाचा पैसा कोणाकडे असतो? आजारी पडलीस तर दवाखान्यात कोण नेते? घरात कोणाची भीती वाटते का? ती बोलू लागली तर मधे उपदेश करू नये. ओवाळणी घालताना एवढेच सांगावे, की अर्ध्या रात्री आलीस तरी या घराचे दार उघडेल.