सिस्टरला तिकीट

नंदुरबार जिल्ह्याला डॉक्टर-पुढाऱ्याचं नवल नाही. डॉ. विजयकुमार गावित १९९५ मध्ये पहिल्यांदा विधानसभेत गेले, पुढे मंत्री झाले. त्यांच्या कन्या डॉ. हीना गावित यांनी २०१४ मध्ये नऊ वेळा खासदार राहिलेल्या माणिकराव गावितांना हरवलं आणि २०१९ मध्ये पुन्हा लोकसभा गाठली. आमच्या लोणखेडा-शहाद्याकडे नावाआधी ‘डॉक्टर’ लागलं की सभेत खुर्ची आपोआप पुढच्या रांगेत सरकते.

सिस्टरची खुर्ची सरकत नाही. आदिवासी भागात ३००० लोकवस्तीला एक उपकेंद्र, सपाटीवर ५००० ला एक, असा सरकारी हिशेब आहे. रात्री-अपरात्री लोक दार वाजवतात ते तिथल्या आरोग्य सेविकेचं. कुणाची सून किती महिन्यांची, कुणाचं पोर वजनात बसत नाही, कोण ऊसतोडीला गेलं आणि लस राहिली, हे सगळं तिच्या रजिस्टरात असतं. कुठल्याही पक्षाच्या बूथप्रमुखाला हेवा वाटावा अशी ही माहिती. तरी तिकिटाच्या यादीत तिचं नाव सहसा निघत नाही.

महाराष्ट्रात परिचारिकेच्या नोकरीतून राजकारणात फार वर गेलेलं ठळक नाव म्हणजे किशोरी पेडणेकर. न्हावाशेवा इथल्या जेएनपीटी बंदराच्या रुग्णालयात त्यांनी परिचारिका म्हणून नोकरी केली. राजकारण शिवसेनेच्या महिला आघाडीतून सुरू झालं. २००२ मध्ये त्या मुंबई महापालिकेत नगरसेविका झाल्या. मतदारसंघ लोअर परळचा, म्हणजे जुन्या गिरणगावातला. २२ नोव्हेंबर २०१९ ला त्या बिनविरोध महापौर झाल्या, तेव्हा राज्यात सरकार कुणाचं येणार याचाच घोळ चालू होता. चार महिन्यांत करोना आला.

२७ एप्रिल २०२० ला त्या परिचारिकेचा गणवेश चढवून नायर रुग्णालयात गेल्या. त्या दिवसांत मुंबईत पीपीई किटची मारामार होती, नर्सेस बाधित होत होत्या, आणि घरी परतणाऱ्या सिस्टरला सोसायटीत येऊ न देण्याचे प्रकारही घडत होते. महापौर स्वतः वॉर्डातल्या वेषात समोर उभी राहिली, याचा आधार वाटला नसेल असं कोण म्हणेल? टीकाही झाली, छायाचित्रासाठीचा देखावा म्हणून. मला तो निव्वळ देखावा वाटत नाही. नाइट ड्यूटी केलेल्या बाईला त्या कपड्यांचं वजन ठाऊक असतं. पण गणवेशानं काय साधलं आणि काय साधू शकत नव्हतं, हे वेगळं पाहायला हवं.

मुंबईचा महापौर म्हणजे सभागृहाचा अध्यक्ष आणि शहराचा पहिला नागरिक. १८८८ च्या महापालिका कायद्यानं कारभाराची चावी आयुक्तांकडे दिली आहे. किती नर्सेस भरायच्या, कंत्राटावर की कायम, हे महापौराच्या सहीनं ठरत नाही. मार्च २०२२ मध्ये सभागृहाची मुदत संपली. करोनाकाळातल्या शवपिशव्यांच्या खरेदीवरून २०२३ मध्ये पेडणेकरांवर गुन्हा दाखल झाला. हे राजकीय सूडाचं प्रकरण आहे, असं त्यांचं म्हणणं.

महापौरपद सोडून अडीच-तीन महिने होतात न होतात तोच, मे २०२२ मध्ये, राज्यभरच्या सरकारी रुग्णालयांतल्या परिचारिका संपावर उतरल्या. मागणी एकच मुख्य होती: भरती बाह्यस्रोतातून नको. मुख्यमंत्री तेव्हा पेडणेकरांच्याच पक्षाचे होते. जुलै २०२५ मध्ये, सरकार बदललेलं असताना, पुन्हा तोच प्रश्न आणि पुन्हा आझाद मैदान. गणवेश सत्तेच्या दारापर्यंत जाऊन आला, मागण्या मात्र मैदानातच राहिल्या. कारण पेडणेकरांची वाट शिवसेनेच्या शाखेतून गेली, नर्सेसच्या संघटनेतून नाही.

नर्सेसना संघटना माहीत नाही असं थोडंच आहे! २७ नोव्हेंबर १९७३ ला केईएम रुग्णालयात परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर हल्ला झाला तेव्हा मुंबईच्या नर्सेसनी काम थांबवलं. हल्ल्यानं कायमच्या अंथरुणाला खिळलेल्या शानबाग यांना पुढे रुग्णालयाबाहेर हलवण्याचा पालिकेनं घाट घातला, तोही नर्सेसनीच विरोध करून हाणून पाडला. २०१५ मध्ये त्या गेल्या तोवर, पिढ्या बदलल्या तरी, वॉर्ड ४ मधली त्यांची शुश्रूषा थांबली नाही. एवढी चिवट एकजूट आपल्या कामगार चळवळीत फार ठिकाणी सापडणार नाही. पण तिच्यातून आमदार निघाला नाही.

याच मुंबईत डॉक्टरकीतून युनियन आणि युनियनमधून संसद हा रस्ता एका माणसानं धडाक्यात पार केला. घाटकोपरला दवाखाना चालवणारे डॉ. दत्ता सामंत १९७२ मध्ये आमदार झाले, १९८२ च्या गिरणी संपाचे नेते झाले आणि १९८४ च्या काँग्रेस लाटेतही खासदार म्हणून निवडून आले. गिरणीत त्यांनी कधी साचा चालवला नव्हता. १९२६ चा ट्रेड युनियन कायदा बाहेरच्या माणसालाही पदाधिकारी होऊ देत होता. स्वतःचा दवाखाना असलेल्या डॉक्टरला ही सवलत कामाची. सिस्टर आतली असते, आणि आतल्या माणसाला नोकरी असते.

परदेशात हा रस्ता सरळ दिसतो. ऑस्ट्रेलियाच्या जेड कर्नी नर्स होत्या. २००८ मध्ये त्या नर्सेसच्या राष्ट्रीय संघटनेच्या सचिव झाल्या, २०१० पासून देशातल्या सर्व कामगार संघटनांच्या महासंघाच्या अध्यक्ष. मार्च २०१८ मध्ये मेलबर्नमधली पोटनिवडणूक जिंकून खासदार, २०२२ मध्ये आरोग्य आणि वृद्धसेवा खात्याच्या सहायक मंत्री. तिथला मजूर पक्ष मुळात कामगार संघटनांच्या पोटीच जन्मलेला, त्यामुळे संघटनेतली कामगिरी तिकिटाच्या आड येत नाही, उलट शिफारस ठरते.

आपल्याकडे अडतं ते नियमांत. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ प्रमाणे सरकारी कर्मचाऱ्यानं राजकीय पक्षाचं सदस्य व्हायचं नाही, प्रचार करायचा नाही, निवडणूक तर नाहीच. जिल्हा परिषदेच्या आरोग्य सेविकेलाही असेच नियम लागू आहेत. संघटनेची पदाधिकारी होऊन ती मंत्र्याला निवेदन देऊ शकते, निवेदन घेणाऱ्या खुर्चीवर बसायचं तर आधी राजीनामा. नियमामागचा हेतू खोटा नाही. लस टोचणाऱ्या हातानं मत मागू नये, हे मलाही पटतं. पण बिनपगारी रजेवर जाऊन उभं राहा, हरलात तर परत या, एवढी फट ठेवायला काय हरकत होती?

शहादा तालुक्याला बायकांचं पुढारपण नवं नाही. १९७२ मध्ये इथे श्रमिक संघटना उभी राहिली, अंबरसिंग सुरतवंतींच्या मागे भिल्ल शेतमजूर एकवटले, आणि आदिवासी बायकांनी गावोगाव दारूची मडकी फोडली. मजुरीसाठी, जमिनीसाठी मोर्च्यात पुढे त्या होत्या. त्यांच्याकडे गमवायला सरकारी नोकरी नव्हती, ही गोष्ट विसरून चालणार नाही.

आता जिल्हा परिषदेत निम्म्या जागा बायकांना राखीव आहेत. उपकेंद्रातल्या सिस्टरला पेन्शन न गमावता उभं राहायचं तर पेन्शन नियमांप्रमाणे स्वेच्छानिवृत्तीसाठी २० वर्षं सेवा पुरी हवी. १ नोव्हेंबर २००५ नंतर लागली असेल तर जुनी पेन्शन नाही, त्यासाठी मार्च २०२३ मध्ये तीही संपात बसलेली असते. कंत्राटी असेल तर २० वर्षांचा प्रश्नच येत नाही, पुढच्या ११ महिन्यांचा येतो. हा हिशेब ती करत असते तोवर गटातलं तिकीट कुणाच्या तरी सुनेला जाहीरही झालेलं असतं.