तोंडी सौदा आणि कायदा

गोसीखुर्दच्या परिसरात वैनगंगेकाठचा शेतकरी धान विकतो, तेव्हा सौदा पुष्कळदा शब्दावरच होतो. पैसे अडकले की तो म्हणतो, “कागदच नाही, आता कोर्टात काय सांगू?” या समजुतीपायी हक्काचा पैसा सोडणे आम्हांस योग्य वाटत नाही.

इंग्लंडात १६७७ च्या कायद्याने दहा पौंड वा अधिक किमतीच्या मालविक्रीस लेख, विसार किंवा मालाचा स्वीकार यांपैकी काही तरी आवश्यक ठरविले होते. मालापुरती ती अट १९५४ साली गेली. आपला १९३० चा मालविक्रीचा कायदा मात्र, दुसऱ्या कायद्याची आडकाठी नसल्यास, तोंडी सौदाही वैध मानतो. जमिनीची गोष्ट वेगळी. शंभर रुपये वा अधिक किमतीच्या स्थावराची विक्री नोंदलेल्या खरेदीखताशिवाय पुरी होत नाही.

तेव्हा वैधता आणि पुरावा या निराळ्या गोष्टी समजाव्यात. तोंडी सौदा वैध खरा. पण तो शाबीत करण्याचा भार पैसे मागणाऱ्यावर पडतो. म्हणून वजनकाट्याची पावती जपावी. भाव, वजन व मुदत लिहून खरेदीदाराची सही घ्यावी. शिवाय मालाच्या किमतीचा दावा साधारणतः तीन वर्षांच्या आत लावावा लागतो. उशीर झाला तर खरे येणेही कोर्टातून वसूल होत नाही.