विश्लेषण : ‘लोखंडा, जागा हो!’ अशी आरोळी ठोकणारे अल्मोगावर कोण होते?

सन १३००. सिसिली बेटावरील गाल्यानो गावाजवळ पहाटेच्या अंधुक प्रकाशात दोन फौजा समोरासमोर आल्या. एकीकडे चिलखत घातलेले फ्रेंच घोडेस्वार, दुसरीकडे चिलखताशिवाय लढणारे पायदळ. या पायदळाने भाल्यांची पाती दगडांवर आपटायला सुरुवात केली आणि एकच गजर झाला, ‘देस्पेर्ता फेर्रो!’ म्हणजे ‘लोखंडा, जागा हो!’ ठिणग्यांनी सारा परिसर उजळल्यासारखा वाटला, असे कॅटलान बखरकार रामोन मुंतानेर सांगतो. त्या दिवशी फ्रेंच हरले.

हे पायदळ म्हणजे अल्मोगावर. ‘छापा घालणारा’ या अर्थाच्या अरबी शब्दावरून हे नाव आले. शत्रूच्या भाषेतले नाव त्यांनीच मिरवले, हे विशेष.

लढायचे कसे?

आजच्या स्पेनमध्ये तेव्हा अरागॉनचे ख्रिस्ती राज्य आणि दक्षिणेकडील मुस्लिम राज्ये यांच्यात सरहद्द होती. अल्मोगावर तिथल्या डोंगर-रानांत राहत. शत्रूच्या मुलखात एक-दोन दिवसांच्या वाटेपर्यंत घुसायचे, गुरे आणि माणसे पकडून आणायची, त्यावरच पोट भरायचे. दुसरा बखरकार बेर्नात देस्क्लोत त्यांचा पेहराव सांगतो: आखूड सदरा, चामडी विजार, पायात वहाणा, पाठीवर भाकरीची चामडी पिशवी. हत्यारे म्हणजे एक भाला, फेकायच्या दोन बरच्या आणि मोठा सुरा. कमरेला विस्तव पेटवायचे पोलादही असे. चकमकीच्या ठिणग्या त्यांच्या रोजच्याच होत्या. रणांगणावर त्यांनी त्याचेच भय केले.

स्वारापेक्षा ते आधी घोड्यावर नेम धरत. घोडा कोसळला की जड चिलखतातला सरदार जमिनीवर, आणि तिथे सुरा पुरेसा.

युद्ध संपल्यावर काय?

खरी अडचण इथे होती. १३०२ मध्ये सिसिलीत तह झाला आणि लढण्यापलीकडे काही न येणारे हजारो लोक रिकामे झाले. रॉजर दे फ्लोर या सेनानीने त्यांना १३०३ मध्ये बायकामुलांसह कॉन्स्टँटिनोपलला नेले. बायझंटाईन सम्राटाला तुर्कांविरुद्ध भाडोत्री फौज हवीच होती. तुर्कांना त्यांनी हरवले. पण पगार थकला, लूटमार वाढली आणि संशयही. १३०५ मध्ये एड्रियानोपल येथे पाहुणा म्हणून गेलेल्या रॉजरचा खून झाला. त्यानंतर अल्मोगावरांनी थ्रेस प्रांत इतका उद्ध्वस्त केला की इतिहासात त्याला ‘कॅटलान सूड’ असेच नाव पडले. १३११ मध्ये ग्रीसमध्ये फ्रेंच सरदारांना दलदलीत गाठून त्यांनी अथेन्सची सत्ताच घेतली. कॅटलान अंमल तिथे सत्तरहून अधिक वर्षे टिकला.

स्पेनच्या लष्करातील छत्रीधारी सैनिकांच्या ब्रिगेडला आजही ‘अल्मोगावर’ हे नाव आहे. अल्बेनियन भाषेत मात्र ‘कातालान’ म्हणजे राक्षस.